सतरा मार्चच्या आधी

रविवार, २ मार्च २०२५

प्रिय डोरेन,

तुझं दीपगृहाचं कार्ड जानेवारीतच मिळालं. स्वयंपाकघरात खिडकीच्या चौकटीत खोचून ठेवलं आहे. उत्तराला दोन महिने लागले. फोनवर तू दोनदा विचारलंस, काही झालंय का, आणि दोन्ही वेळा मी गुडघ्यावर ढकललं. गुडघा दुखतो हे खरं, पण तो सहा वर्षं दुखतोय. फोनवर मला खरं बोलता येत नाही गं. तुझा आवाज आला की तोंडातून आपोआप 'सगळं ठीक आहे' निघतं. कागदावर तसं होत नाही, निदान इतक्या पटकन होत नाही. म्हणून आज जेवणाची भांडी तशीच ठेवून लिहायला बसले आहे.

गेल्या रविवारी मतदान झालं. बातम्यांत तू पाहिलं असशीलच. आपल्या गावात निळ्यांना, त्या परके नकोत म्हणणाऱ्या पक्षाला, शंभरात अठ्ठेचाळीस मतं पडली, आमच्या सोशल डेमोक्रॅटांना सहा. १९९० पासूनची ही पहिली निवडणूक, जिच्यात मी एकही पोस्टर लावलं नाही आणि मतमोजणीलाही बसले नाही. नगरपालिकेतून फोन आला होता, माणसं कमी पडताहेत, याल का. त्यांनाही गुडघा सांगितला. मत देऊन सरळ घरी आले आणि संध्याकाळी सहाला टीव्ही लावला नाही. समोर पोलमानांकडे बरीच माणसं जमली होती, पण ओरडाआरडा ऐकू आला नाही. पूर्वी जिंकणारे नाचायचे. आता त्यांना आधीच माहीत असतं.

८९ चा ऑक्टोबर तुला किती आठवतो कोण जाणे. तू नऊ वर्षांची होतीस. त्याच वर्षी मे महिन्यात मी पूर्व जर्मनीच्या जुन्या पद्धतीनं शेवटचं मत दिलं होतं: छापील यादी हातात घ्यायची, दुमडायची, पेटीत टाकायची. पडद्यामागे जाणाऱ्याचं नाव कोपऱ्यातला माणूस टिपून घ्यायचा, म्हणून पडद्यामागे कोणी जायचं नाही. तेहतीस वर्षांची होईपर्यंत मी मुकाट्यानं कागद दुमडत आले होते. मग ऑक्टोबरात तुझे बाबा म्हणाले, शनिवारी प्लाउएनला काहीतरी होणार आहे म्हणतात, जाऊन बघू या. आपण चौघं गेलो. आगीच्या बंबांनी गर्दीवर पाणी सोडलं. फाल्क बाबांच्या खांद्यावर होता, पाच वर्षांचा, डोक्यापासून पायापर्यंत भिजला आणि हसत सुटला. त्याला वाटलं जत्राच आहे. त्यानंतर दर शनिवारी आपण गेलो, आणि 'जनता म्हणजे आम्हीच' असं ओरडून ओरडून माझा आवाज असा बसला की कारखान्यात बायका मला घोगरी रोसविता म्हणायला लागल्या.

जानेवारीत मी पक्षात गेले. गावात आम्ही एकोणीस जण होतो. ट्राउगॉटकाकाची आणि माझी ओळख तेव्हाची. तो कापडगिरणीत, मी लेसच्या कारखान्यात नक्षी काढायला. पश्चिमेकडून ट्रकभर पोस्टरं आली, पण गोंद कोणी पाठवला नव्हता. मग मी बटाट्याचे गोळे उकडायच्या मोठ्या पातेल्यात खळ शिजवली, आणि तू ढवळत होतीस. भिंतीला ब्रश लावायच्या आत लोक थांबून म्हणायचे, एखादं घरी न्यायला मिळेल का? ट्राउगॉट म्हणायचा, "नेता येईल, पण मतही द्यावं लागेल." आम्हाला वाटत होतं आम्हीच जिंकणार. मार्चमध्ये पेट्या उघडल्या तेव्हा ज्यांनी पश्चिमेचा मार्क लगेच देऊ म्हणून सांगितलं होतं ते जिंकले, आणि मी शाळेच्या जिन्यावर बसून रडले. तुझे बाबा शेजारी बसले आणि म्हणाले, "रडतेस कशाला? पहिल्यांदाच खरी मोजलीत." मला ते वाक्य फार आवडलं होतं. पुढची कित्येक वर्षं मी ते वाक्य लोकांना ऐकवायची. मग ऐकणारे कमी होत गेले.

पुढचं तुला माहीत आहे. मार्क आला आणि दीड वर्षात कारखाना गेला. चांगल्या लोकरी कोटातला एक माणूस यादी घेऊन आला, सहाशे बायकांची यादी, आणि त्यानं ती आडनावांच्या क्रमानं वाचली. बाबा पन्नाशीच्या आत बेकार झाले आणि मग मरेपर्यंत सीमेपलीकडे बव्हेरियात पार्सलं पोचवत राहिले. त्यांचं सगळं बोलणंच त्या गाडीत राहून गेलं असं मला वाटतं. मी नगरपरिषदेत निवडून आले आणि रात्रंदिवस सांडपाण्याचे पाइप, बालवाडीचं छप्पर, बसच्या वेळा. घरात कोण काय ऐकतंय, कोणाबरोबर हिंडतंय, हे बघायला मी नव्हते. ९८ साली तू माझ्यामागे स्वयंपाकघरात येऊन विचारलंस, "आई, फाल्कच्या खोलीत जी गाणी लागतात त्यातले शब्द ऐकलेस का कधी?" आणि मी म्हणाले, "आवाज कमी कर म्हणावं त्याला." वर्षभरानं तू गाव सोडलंस. डोकं भादरलेली, जाड बुटांची ती पोरं बसथांब्यावर बसायची, आणि आम्ही परिषदेत ठराव केला की वय आहे, जाईल निघून. त्या ठरावाला माझाही हात वर होता.

एक गोष्ट तुला कधी सांगितली नाही. २००५ मध्ये फाल्क कामाला होता ती छपरं बसवणारी कंपनी बंद पडली. आमच्याच पक्षाच्या सरकारनं तेव्हा बेकारभत्त्याचा नवा कायदा आणला होता. सोळा पानांचा अर्ज. तो आमच्या घरात राहतो म्हणून बाबांचा पगार, माझं बचतखातं, आजीनं दिलेली साखळीसुद्धा त्याला लिहायची होती. एकवीस वर्षांचा पोरगा याच टेबलाशी बसून लिहीत होता. मध्येच पेन ठेवून म्हणाला, "आई, हे तुम्हीच केलंत ना?" मी त्याला समजावून सांगितलं. बैठकीत जी वाक्यं आम्हाला छापून दिली होती तीच वाक्यं मी माझ्या मुलाला म्हणून दाखवली: मदतीबरोबर जबाबदारीही हवी, देशाला हे करावंच लागेल. त्यानं शेवटपर्यंत ऐकून घेतलं. मग अर्ज पुरा केला. त्या वर्षी गावातले आमचे नऊ सभासद सोडून गेले. ट्राउगॉट राहिला. तो म्हणाला, "चूक आहेच, पण मी गेलो तर तुझी शिडी कोण धरणार?"

आता फाल्कबद्दल. तू त्याच्याशी बोलत नाहीस त्याला आठ वर्षं झाली. नाताळात तो, तू शिकवतेस त्या वर्गातल्या निर्वासित बायकांबद्दल जे बोलला ते मी ऐकलं होतं, तूही ऐकलंस, आणि तू काटाचमचा ठेवून स्टेशनवर निघालीस. मी मागून धावत आले आणि फलाटावर तुला म्हणाले, तो तुझा भाऊ आहे, सोडून दे. त्याला काही म्हणाले नाही. त्याच्या आदल्याच वर्षी, जुन्या वसतिगृहात ती निर्वासित कुटुंबं आली तेव्हा, मी आणि ट्राउगॉट त्यांच्यासाठी बाबागाड्या गोळा करत होतो आणि फाल्क दर सोमवारी त्यांच्याविरुद्धच्या मोर्चात बाजारचौकात उभा असायचा. एकदा मी बाबागाडी ढकलत तिथून गेले. ते ओरडत होते, 'जनता म्हणजे आम्हीच.' अगदी आमच्याच चालीवर. त्यानं मला पाहिलं आणि तोंड मिटलं. मी पुढे निघून गेल्यावर पुन्हा उघडलं असेल.

पण डोरेन, मी तुला हेही सांगायला हवं की बाबा गेल्यापासून दर शनिवारी तो यायचा. पन्हळी साफ करायचा, लाकडं फोडून ठेवायचा, माझा गुडघा दुखायला लागल्यावर जिन्याला दुसरा कठडा त्यानंच बसवला. आपल्या मुलीला, एमीला घेऊन यायचा, मी तिला लेसची नक्षी शिकवायची. राजकारण बोलायचं नाही असं आम्ही ठरवलं नव्हतं, पण बोलत नव्हतो. मला वाटायचं, हे असंच चालेल.

गेल्या वर्षी जूनमध्ये नगरपरिषदेची निवडणूक होती. गावात पक्षाचे आम्ही दोघंच उरलो होतो. मे महिन्यात येशूच्या स्वर्गारोहणाच्या सुट्टीच्या दिवशी, पुरुषमंडळी बिअरच्या हातगाड्या ओढत रानात जातात त्या दिवशी, ट्राउगॉट म्हणाला, आज गावात कोणी नाही, आजच उरकून टाकू. पोस्टरं हल्ली उंच बांधावी लागतात, नाहीतर सकाळपर्यंत फाटलेली असतात. तो बहात्तर वर्षांचा. तो वर चढायचा आणि मी खालून शिडी धरायची. संध्याकाळचे सहा वाजले होते, चांगलं ऊन होतं. आपल्या घरासमोर, गिरणीच्या रस्त्यावर शेवटचे चार खांब राहिले होते. मागून तिघं आले. डोक्यावर टोप्या ओढलेल्या, तोंडाला रुमाल, बिअरचा वास. एकानं ट्राउगॉटला विचारलं, "काय आजोबा, कोणाला विकताय?" तो वरून म्हणाला, "फुकट आहे, न्या." मग शिडी गेली. तुला मी फोनवर एवढंच सांगितलं होतं की पोस्टर लावताना पडला. त्याचं डोकं फुटपाथच्या कडेवर आपटलं आणि खुबा मोडला.

सगळ्यात आधी धावत आले ते पोलमान. तेच, समोरचे, निळ्यांच्या यादीत दुसऱ्या क्रमांकावर ज्यांचं नाव होतं ते. बागेतून पळत आले, गुडघ्यांवर बसले, ट्राउगॉटचं डोकं मांडीवर धरून रुग्णवाहिका येईपर्यंत त्याच्याशी बोलत राहिले. त्यांचा पांढरा शर्ट पार लाल झाला. नंतर मला म्हणाले, "फ्राउ क्यूनास्ट, हे आम्हाला नको होतं." माझ्या ओठांवर एक उत्तर आलं होतं. ते मी दिलं नाही, कारण डोकं त्यांनी धरलं होतं, मी नाही.

पोलिसांनी त्याच संध्याकाळी विचारलं, कोणाला ओळखलंत का. मी नाही म्हणाले.

दोन दिवसांनी शनिवार होता. फाल्क नेहमीसारखा दहा वाजता आला. शिडी लावून पन्हळी साफ केल्या. मी स्वयंपाकघरातून त्याचे पाय तेवढे बघत होते. दुपारी मी मांस आणि बटाट्याचे गोळे वाढले. त्यानं मान वर न करता विचारलं, "ट्राउगॉट कसा आहे?" मी म्हणाले, शुद्धीवर आलाय. त्याच्या पुढच्या शनिवारी पुन्हा विचारलं, मी म्हणाले, फुप्फुसात पाणी झालंय. तो एरवी पाच गोळे खातो. त्या दिवशी दोन खाऊन उठला, ताट स्वतः धुतलं. असे नऊ शनिवार गेले. मला माहीत होतं आणि मला माहीत आहे हे त्याला माहीत होतं. आम्ही दोघं एकमेकांना मीठ द्यायचो, पाव द्यायचो.

हॉस्पिटलमध्ये मी रोज जायची. ट्राउगॉटला बोलताना दम लागायचा. एके दिवशी त्याची बायको इलोना कॉफी आणायला खाली गेली, तेव्हा तो म्हणाला, "रोसविता, मी वरती पोस्टरची पट्टी आवळत होतो. खाली कोण होतं ते मला दिसलं नाही. तुलाही दिसलं नाही." त्यानं डोळे मिटून घेतले आणि पुन्हा म्हणाला, "पोरगं आहे गं तुझं." म्हणजे त्यालाही कळलं होतं. त्यानं लहानपणी फाल्कला सायकल शिकवली होती, तो त्याचा आवाज ओळखणार नाही तर कोण ओळखणार? पोलिसांना त्यानं शेवटपर्यंत काही सांगितलं नाही. अकरा जुलैला तो न्यूमोनियानं गेला.

दफनाला पक्षाची मंडळी शहरातून आली, मोठं पुष्पचक्र आणलं. तुझंही होतं, पिवळ्या फुलांचं. सगळे पांगल्यावर इलोना माझ्यापाशी आली. मला वाटलं गळ्यात पडेल. तिनं फक्त विचारलं, "खाली तू धरून उभी होतीस ना?" मी मान डोलावली. ती एवढंच म्हणाली, "बरं," आणि गाडीकडे चालू लागली.

दुसऱ्या दिवशी शनिवार होता. फाल्क आल्या आल्या मी त्याला सांगितलं, "सोमवारी मी पोलिसांकडे जाणार आहे. त्याआधी तू गेलास तर बरं." तो हातमोजे काढत होता. एक काढला, दुसरा तसाच राहिला. मग म्हणाला, "मी लाथ मारली नाही, आई. मी तुला बाजूला घेतलं. तेवढं तरी सांगशील ना?" मी म्हणाले, सगळं सांगेन. तो गेला आणि त्यानंतर आलेला नाही. रविवारभर मी वाट पाहिली की तो स्वतः जाईल. सोमवारी नऊ वाजता मी गेले. तिथल्या अधिकाऱ्यानं आधी मला समजावून सांगितलं की तुम्ही आई आहात, कायदा तुम्हाला बोलायला भाग पाडत नाही, तुम्ही उठून घरी जाऊ शकता. चांगला माणूस होता. त्यानं दोनदा सांगितलं.

आता तिघांवर खटला आहे, मारहाणीत मृत्यू झाल्याचा. वर्तमानपत्रात नावं छापत नाहीत, म्हणून तुला कळलं नाही, आणि कळू नये म्हणून मीही गप्प बसले. फाल्क कोठडीबाहेर आहे, पण कामावरून त्याला काढलं. त्याची बायको यानीन मला बघून रस्ता ओलांडते. एमीला येऊ देत नाही. माझ्या फाटकावर कोणीतरी रंगानं एक शब्द लिहिला, तो तुला लिहून दाखवत नाही. पोलमान आणि मी मिळून तो घासून काढला. त्याच आठवड्यात पक्षाच्या मुख्य कार्यालयातून एका तरुण बाईचा फोन आला. लोकशाहीसाठी उभ्या राहिलेल्या माणसांचा सत्कार करायचा आहे, तुम्ही याल का, तुमचं धैर्य सगळ्यांना कळायला हवं. मी फोन ठेवून दिला. बिचारीला वाटलं असेल लाइन तुटली, तिनं पुन्हा केला.

हे पत्र त्यासाठीच लिहिते आहे. सतरा मार्चला, सोमवारी, न्यायालयात माझी साक्ष आहे, आणि त्यानंतर लोक माझ्याबद्दल जे बोलतील ते तुझ्यापर्यंत पोचेल. काही थुंकतील, काही मला धीराची बाई करून टाकतील, आणि तू धीराची म्हणणाऱ्यांवर विश्वास ठेवशील याची मला जास्त भीती वाटते. फाल्कचा वकील सांगणार आहे की त्यानं आईला ओढून वाचवलं. ओढलं नाही, डोरेन. त्यानं माझ्या कोपराला हात लावला, हळूच, रस्ता ओलांडताना लावतो तसा, आणि रुमालातून म्हणाला, "आई, सोड." मी आवाज ओळखला आणि शिडी सोडली. दोन्ही हातांनी सोडली आणि दोन पावलं मागे आले. दुसऱ्यानं लाथ मारली ती त्यानंतर. वर ट्राउगॉट होता हे मला माहीत होतं. हे मी पोलिसांना सांगितलं, सरकारी वकील बाईंनाही सांगितलं. त्या म्हणाल्या, हा गुन्हा होत नाही, आणि एका ओळीत टाइप करून पुढे गेल्या. इलोनाला मी अजून सांगितलेलं नाही, ती त्या दिवशी तिथे बसून ऐकेल. तुला मात्र आधी माझ्याकडून कळायला हवं होतं. मी बरोबर केलं असं मला फोनवर सांगू नकोस. जमलं तर त्या दिवशी ये. आठ वर्षांत मी तुझ्याकडे फाल्कसाठी पुष्कळ मागितलं आणि तू दिलं नाहीस, तुझं चुकलं असं मी आता म्हणणार नाही. पण त्याच्या मागच्या बाकांवर जे येऊन बसतील ते त्याला टाळ्या वाजवायला आलेले असतील, आणि यानीन येणार नाही म्हणाली आहे. तू आलीस तर माझ्या शेजारी बसू नकोस. त्याच्या मागे बस.

तुझीच,
आई